वेंगुर्ले : एका लहान बंदर-नगराचा भूगोल आणि इतिहास

प्रस्तावना :
बंदराचा उत्कर्ष समुद्रावर अवलंबून असतो, असा सर्वसाधारण समज आहे. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील वेंगुर्ले या लहान नगराचा इतिहास मात्र वेगळे सांगतो. प्रस्तुत निबंधात या नगराच्या जडणघडणीचा थोडक्यात आढावा घेतला आहे.

भौगोलिक स्थान :
वेंगुर्ल्याच्या पश्चिमेस अरबी समुद्र, पूर्वेस सावंतवाडीचा प्रदेश व त्यापलीकडे सह्याद्री आहे. तालुक्याच्या दक्षिणेस तेरेखोल खाडीपलीकडे गोवा लागतो. जांभ्या दगडाच्या या भूमीत आंबा, काजू, नारळ व सुपारी ही प्रमुख उत्पादने होत. आंबोली घाटाने बेळगावकडे जाणारा मार्ग हे या बंदराचे खरे बळ होते.

ऐतिहासिक वाटचाल :
१६३७ च्या सुमारास, आदिलशाही काळात, डच ईस्ट इंडिया कंपनीने येथे वखार स्थापन केली. पोर्तुगीजांच्या गोव्याची नाकेबंदी करणाऱ्या डच जहाजांना रसद पुरविण्यासाठी हे ठिकाण सोयीचे होते. वखारीचे भग्नावशेष आजही पाहावयास मिळतात. १८१२ मध्ये सावंतवाडी संस्थानाकडून वेंगुर्ले इंग्रजांकडे गेले. पुढे घाटमाथ्यावरील व्यापारामुळे बंदर भरभराटीस आले आणि १८७६ मध्ये नगरपालिका स्थापन झाली.

अवघ्या बारा वर्षांत चित्र पालटले. १८८८ मध्ये मुरगाव बंदर रेल्वेने घाटमाथ्याशी जोडले गेले व बेळगावकडील माल तिकडे वळला. समुद्र होता तेथेच राहिला. व्यापाराची वाट मात्र बदलली. याउलट, समुद्रापासून दूर असलेल्या लातूरला १९११ मध्ये बार्शी लाइट रेल्वे पोहोचली आणि तेथील बाजारपेठेस चालना मिळाली. १९९८ मध्ये पूर्ण झालेली कोकण रेल्वेही वेंगुर्ले शहराला स्पर्श न करता सावंतवाडीवरून जाते.

निष्कर्ष :
व्यापार गेला तरी नगर ओस पडले नाही. १९५७ मध्ये येथे फळ संशोधन केंद्र सुरू झाले. तेथे विकसित झालेल्या 'वेंगुर्ला' मालिकेतील काजूच्या जाती व 'रत्ना' हा आंबा यांमुळे गावाचे नाव पुन्हा दूरवर गेले. बंदराच्या वैभवकाळात जन्मलेली नगरपालिका त्या वैभवानंतरही टिकून राहिली. सारांश, बंदराचे भवितव्य त्याच्या पाठीमागील प्रदेशाशी असलेल्या दळणवळणावर ठरते; आणि ते तुटल्यावर नगर तगते, ते आपल्या भूमीच्या व संस्थांच्या आधाराने.