चांद्याचा परकोट आणि व्हर्सायचा राजवाडा



वसंत व्याख्यानमालेत फ्रान्सच्या राजवाड्याविषयी बोलायचे आणि तेही ऊर्जानगरात, हे ऐकून आपल्यापैकी काहींच्या कपाळावर आठी पडली असेल. कुठे पॅरिसजवळचे व्हर्साय आणि कुठे इरईच्या काठचे हे आपले वीजकेंद्राचे गाव! परंतु आम्ही आपल्याला परदेशाची सहल घडवायला उभे नाही. आपल्या दारातली एक वास्तू नीट दिसावी, म्हणून आम्ही दूरची एक वास्तू शेजारी ठेवणार आहोत. दोन वस्तू शेजारी ठेवल्या म्हणजे दोहोंचे रूप अधिक स्पष्ट होते. ती आपली वास्तू म्हणजे चंद्रपूरचा, म्हणजे जुन्या चांद्याचा, परकोट होय.

प्रथम व्हर्सायकडे वळू. तेराव्या लुईने १६२३ साली तेथे शिकारीसाठी एक लहानसे घर बांधले. भोवती रान, दलदल आणि एक खेडे, एवढाच त्या जागेचा थाट होता. त्याचा मुलगा चौदावा लुई १६४३ मध्ये गादीवर आला तेव्हा तो पाच वर्षांचाही नव्हता. पुढे १६६१ साली कारभार त्याने स्वतःच्या हाती घेतला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये फूके नावाच्या अर्थमंत्र्याने आपल्या नव्या वाड्यात राजाला मेजवानी दिली. मंत्र्याचा थाट राजाहून मोठा दिसला. महिना उलटण्यापूर्वीच फूके कैदेत पडला आणि त्याचा वाडा उभारणारे तिन्ही कलावंत, वास्तुकार ल व्हो, चित्रकार ल ब्रं आणि उद्यानकार ल नोत्र, राजाच्या कामावर रुजू झाले. बापाच्या शिकारघराला मध्यभागी ठेवून त्याभोवती त्यांनी नवा राजवाडा वाढवला. मागाहून मांसार या वास्तुकाराने १६७८ ते १६८४ या काळात तेथील सुप्रसिद्ध आरसेमहाल उभारला. हे दालन ७३ मीटर लांब आहे. एका बाजूला बागेकडे उघडणाऱ्या सतरा खिडक्या आणि समोरच्या भिंतीत तितक्याच कमानी. त्या कमानींत ३५७ आरसे बसवलेले आहेत. आरसा म्हणजे त्या काळी चैनीची वस्तू. चांगला आरसा व्हेनिसहून यायचा. तो आता फ्रान्समध्ये होतो, हेही राजाला जगाला दाखवायचे होते.

६ मे १६८२ रोजी राजाने दरबारच तेथे हलवला. त्यामागे राजकारण होते. आपापल्या मुलखात बसून बंडाळी करणारे सरदार आता राजाच्या डोळ्यांसमोर राहू लागले. सकाळी राजाच्या उठण्याच्या वेळी कोणी हजर असावे, कोणी कुठे उभे राहावे, याचेच मान ठरले आणि त्यातच सरदारांचे आयुष्य गुंतून गेले.

पण या राजवाड्याला एक गोष्ट कधी पुरली नाही, ती म्हणजे पाणी. बागेतली कारंजी इतकी, की सर्व एकदम चालवण्याइतके पाणी जवळपास नव्हते. सेन नदीवर मार्ली येथे चौदा प्रचंड चाके आणि दोनशेहून अधिक पंप यांचे एक यंत्र १६८४ साली सुरू झाले. ते नदीचे पाणी दीडशे मीटरांहून अधिक उंच चढवी. तेही पुरेना, म्हणून १६८५ पासून ऊर नदीचे पाणी कालव्याने आणण्यासाठी हजारो सैनिक जुंपले. त्यांतले पुष्कळ तापाने मेले. १६८८ साली युद्ध पेटले आणि काम अर्धवट राहिले. मँतनों येथे त्याच्या कमानी आजही उभ्या आहेत. शेवटी युक्ती अशी काढली, की राजा बागेत फिरायला निघाला म्हणजे माळ्यांनी शिट्ट्यांनी एकमेकांना खूण करावी, राजा जवळ येताच कारंजे सोडावे आणि तो पुढे गेला की बंद करावे. जिकडे राजाची नजर, तिकडे पाणी!

आता आपण घराकडे परतू. चांद्याची कथाही शिकारीपासूनच सुरू होते. गोंड राजांची राजधानी पूर्वी सिरपूरला होती, तेथून ती वर्धेच्या काठी बल्लारपूरला आली. परंपरा सांगते, की खांडक्या बल्लाळशहाच्या अंगावर गाठी होत्या आणि कोणत्याही औषधाने त्या जात नव्हत्या. एकदा शिकारीत तहानलेला राजा झरपट नदीच्या कोरड्या पात्रात आला. एका खळग्यात थोडे पाणी होते. ते प्याला, तोंड धुतले, आणि त्या रात्री त्याला गाढ झोप लागली. सकाळी पाहतात तो गाठी नाहीशा झालेल्या! त्या जागी अचलेश्वराचे देऊळ झाले. पुढे एके दिवशी त्याच रानात राजाला एक ससा कुत्र्याचा पाठलाग करताना दिसला. राजाने ही नवलाई राणीला सांगितली. राणी म्हणाली, ही भूमी शुभ आहे. ससा ज्या मार्गाने धावला त्याच मार्गाने कोट घालून नगर वसवा.

ही आख्यायिका आहे, इतिहास नव्हे, हे आम्ही जाणतो. पण आख्यायिकेतही लोकांनी काय जपून ठेवले, याकडे लक्ष द्यावे. चांदा वसले ते एका घोटभर पाण्यावरून, आणि राणीने सल्ला दिला तो राजवाड्याचा नव्हे, नगराच्या कोटाचा.

हे काम पंधराव्या शतकाच्या अखेरीस सुरू झाले असे मानतात. एका राजाच्या हयातीत ते पुरे झाले नाही. पिढ्यान् पिढ्या ते चालले, आणि परंपरेप्रमाणे धुंड्या रामशहाच्या काळी, सतराव्या शतकाच्या आरंभी, कोट पूर्ण होऊन त्याची वास्तुशांती झाली. व्हर्सायला तेराव्या लुईचे शिकारघर उभे राहिले तेही साधारण याच सुमारास, हा योगायोग लक्षात ठेवण्याजोगा आहे. या परकोटाचा घेर सुमारे ११ किलोमीटर सांगतात. त्याला चार दरवाजे: उत्तरेला जटपुरा, पूर्वेला अंचलेश्वर, दक्षिणेला पठाणपुरा, पश्चिमेला बिनबा. शिवाय बगड, हनुमान, विठोबा, मसान आणि चोर अशा पाच खिडक्या. दरवाजांवर हत्तीवर झेपावलेला सिंह कोरलेला आहे. ते गोंड राजांचे राजचिन्ह. भिंत घडीव दगडाची, ठिकठिकाणी बुरूज. पूर्वेकडून झरपट आणि पश्चिमेकडून इरई येऊन दक्षिणेला मिळतात. या दोन नद्यांच्या बेचक्यात नगर असल्यामुळे परकोटाने शत्रूला अडवले त्याप्रमाणे पुराशीही झुंज दिली. आजही इरई फुगली की पठाणपुरा दरवाजाबाहेरचा रस्ता पाण्याखाली जातो.

हे राज्य लहानसहान नव्हते. अकबराच्या काळातील ‘आईन-इ-अकबरी’त येथील गोंड राजाची नोंद एक हजार घोडदळ आणि चाळीस हजार पायदळ बाळगणारा अशी आहे, आणि वैरागडची हिऱ्याची खाण त्याच्या ताब्यात असल्याचे लिहिले आहे. वैरागड म्हणजे आजच्या गडचिरोली जिल्ह्यातले. हिऱ्याची खाण ज्याच्या हाती, त्याला आरसेमहाल बांधण्याची इच्छा झाली असती तर कोण अडवणार होते? पण या घराण्याचा पैसा आणि श्रम मुख्यतः दोन गोष्टींत दिसतात: कोटात आणि तलावांत.

तलावांचे नाव निघाले म्हणून एक विचारतो. आपण ऊर्जानगराहून शहरात जाताना तुकूम लागते. तुकूम म्हणजे काय, हा विचार आपण कधी केला आहे काय? तलाव बांधून गाव वसवणाऱ्याला गोंड राजे सवलतीने जी जमीन तोडून देत, तिला तुकूम म्हणत. हीरशहाविषयी असे सांगतात, की जो रान तोडील त्याची ती जमीन, आणि जो तलाव बांधील त्याला त्या तलावाचे पाणी पोचेल तेथवरची जमीन, अशी त्याने दवंडी पिटवली. चंद्रपूर-गडचिरोलीच्या धानपट्ट्यात गावोगाव तलाव दिसतात, त्यांतल्या कित्येकांचे मूळ या धोरणात आहे. शहरातल्या रामाळा तलावाचे नावही रामशहाशी जोडले जाते. व्हर्सायला पाणी राजाच्या नजरेमागून धावत होते; इकडे पाणी जिथवर पोचेल तिथवर रयतेची मालकी धावत होती. गोंड राजे सगळे संत होते असे आम्ही म्हणत नाही. त्यांच्याही घरात भांडणे झाली, खून पडले. वीरशहाचा अंत दग्याने झाला, असेच परंपरा सांगते. परंतु राज्य कशावर खर्च झाले, याची साक्ष दगड आणि पाणी देतात, आणि ती साक्ष खोटी पाडता येत नाही.

वीरशहाच्या मागे राणी हिराईने अठराव्या शतकाच्या आरंभी कारभार पाहिला. पतीची समाधी तिने अचलेश्वराच्या देवळाजवळ बांधली आणि महाकालीचे आजचे मंदिर उभारले. चैत्रात मराठवाड्यातून आणि तेलंगणातून लोक पायी येतात, झरपटीत उतरतात आणि त्या मंदिरात नारळ वाढवतात. त्यांतल्या किती जणांना हिराईचे नाव ठाऊक असेल? पण तिने बांधलेल्या दारातून ते आत जातात, हेही थोडे नव्हे.

मग राजवाड्याचे काय झाले? १७५१ साली नागपूरच्या रघूजी भोसल्यांनी चांदा घेतले आणि शेवटचा राजा नीळकंठशहा बंदिवान झाला. मे १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफांनी भिंत फोडून शहर काबीज केले. किल्लेदार गंगासिंग लढता लढता पडला. राजांच्या बालेकिल्ल्याच्या जागी पुढे तुरुंग झाला आणि आजही तेथे कारागृहच आहे. इंग्रजांविरुद्ध १८५८ साली शस्त्र उचललेले मोलमपल्लीचे जमीनदार बाबुराव शेडमाके यांना २१ ऑक्टोबर १८५८ रोजी येथेच फाशी देण्यात आले. ज्या जागी गोंड राजा बसत असे, त्याच जागी गोंड वीराच्या गळ्याला फास लागला. या घटनेवर आम्ही अधिक काही बोलू इच्छित नाही.

व्हर्सायच्या नशिबीही उलथापालथ आली. ऑक्टोबर १७८९ मध्ये पॅरिसच्या बायका भाकरीसाठी पावसातून चालत राजवाड्यावर गेल्या आणि दुसऱ्या दिवशी सोळाव्या लुईला पॅरिसला घेऊन आल्या. राजा पुन्हा तेथे राहायला आला नाही. १७९३-९४ मध्ये सामानसुमानाचा लिलाव झाला. वाडा पाडावा असेही म्हणणारे होते. पण १८३७ साली तेथे राष्ट्राचे संग्रहालय झाले. १८७१ मध्ये त्याच आरसेमहालात जर्मन साम्राज्याची घोषणा झाली, आणि २८ जून १९१९ रोजी तेथेच जर्मनीला तहावर सही करावी लागली. १९७९ पासून तो जागतिक वारसा आहे. सांगायचे ते हे, की ज्या वाड्यात रयतेला स्थान नव्हते, तो रयतेने आपला म्हणून जपला. ज्या शिल्पावर पूर्वजांचा घाम गळाला ते टाकून द्यायचे नाही, एवढा विवेक क्रांतीनंतरच्या फ्रेंच माणसाने दाखवला.

आणि आपण? आपला परकोट तर पहिल्यापासून रयतेचाच. त्याच्या आत सर्व जातींची, सर्व धर्मांची वस्ती नांदली. तरी त्याला टेकून घरे उठली, बुरुजांवर झाडे माजली, पायथ्याशी कचऱ्याचे ढीग साचले. २०१७ साली शहरातले काही तरुण फावडी-कुदळी घेऊन रोज सकाळी भिंतीवर चढले आणि महिनोन् महिने त्यांनी झाडोरा तोडला, माती उपसली. दडलेली वाट पुन्हा मोकळी झाली, बुरूज उघडे झाले. पुढे २०२१ मध्ये रामाळा तलावातल्या घाणीविरुद्ध शहरात उपोषणही झाले. म्हणजे जाग अगदीच नाही असे नाही. पण झाड एकदा तोडून भागत नाही. पावसाळा दरवर्षी येतो आणि पिंपळाचे मूळ दगडाच्या सांध्यात दरवर्षी शिरते.

आपण ऊर्जानगरचे लोक ठिकठिकाणाहून येथे आलो. कोणी कोकणातले, कोणी खानदेशातले, कोणी परप्रांतातले. नोकरी सरली की पुष्कळजण परत जातील. म्हणून चांद्याचा इतिहास आपला नव्हे, असे मनात येणे स्वाभाविक आहे. परंतु आपले वीजकेंद्र चालते ते इरईच्या धरणातल्या पाण्यावर. ज्या नदीच्या भरवशावर गोंड राजांनी नगर वसवले, तिच्याच पाण्यावर आपली चूल पेटते. जिचे पाणी आपण पितो तिच्या काठचा इतिहास आपल्याला परका कसा?

तेव्हा आमची विनंती लहानशीच आहे. पुढच्या रविवारी मुलाबाळांना घेऊन शहरात जा. तुकूमवरून जाताना त्या नावाचा अर्थ मुलांना सांगा. जटपुरा दरवाजापाशी वाहनातून उतरा, मान वर करून हत्तीवरचा सिंह दाखवा. जमल्यास भिंतीवर चढून थोडे चाला, आणि एखादे रोपटे सांध्यातून डोके काढताना दिसले तर ते उपटून टाका. हात मातीने भरतील, पण त्या भिंतीशी ओळख मात्र होईल.