माझगावची कूड

बंदराकाठच्या माझगावचा इतिहास लिहिणारे बहुधा गोदीपाशी थांबतात: 1960 साली सरकारने ती ताब्यात घेतली, तिथेच पुढे ‘नीलगिरी’ युद्धनौका बांधली गेली. मला महत्त्वाची वाटते ती गोवेकर खलाशांची ‘कूड’, म्हणजे एकेका गावाचा मुंबईतला क्लब. बोट मिळेपर्यंत खलाशी तिथे राही. भाडे नाममात्र. भिंतीलगत ज्याची त्याची पेटी. संध्याकाळी वेदीसमोर तेर्स, जपमाळेची प्रार्थना, आणि ती चुकवायची सोय नाही. कोकणातल्या चाकरमान्यांची गावकीची खोली याच जातीची, फक्त तिथे भजन. पण बहुतेक कुडींत बायकोमुलांना राहायला जागा नव्हती. नवरा दर्यावर, ती गावात शेत राखत. बंदराच्या इतिहासात तिला धरायचे की नाही? मी धरतो.