हेलियम : आधी सूर्यावर, मग पृथ्वीवर

हेलियम वायूचा शोध नॉर्मन लॉकियर यांनी सिंधुदुर्ग जिल्ह्यातील विजयदुर्ग किल्ल्यावरून लावला, असे कोकणात सांगितले जाते. तेथे 'साहेबाचे कट्टे' दाखवले जातात व १८ ऑगस्टला हेलियम दिनही साजरा होतो. इतिहास मात्र थोडा वेगळा आहे.

१८ ऑगस्ट १८६८ रोजी खग्रास सूर्यग्रहणाची छाया दख्खनवरून गेली, तेव्हा लॉकियर इंग्लंडमध्ये होते. ज्यूल जान्सेन यांनी गुंटूरहून, मद्रास वेधशाळेचे नॉर्मन पॉगसन यांनी मछलीपट्टणमहून, तर जॉन हर्शेल यांनी पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानातून वेध घेतले. सूर्याच्या कडेवरील ज्वालांच्या वर्णपटात एक पिवळी रेषा आढळली. ती अनेकांनी सोडियमची मानली.

लॉकियर यांनी २० ऑक्टोबरला, ग्रहण नसतानाही, त्या ज्वालांचा वर्णपट पाहिला. पिवळी रेषा सोडियमशी जुळेना. अज्ञात मूलद्रव्याला ग्रीक 'हेलिओस' म्हणजे सूर्य यावरून नाव मिळाले. अनेक रसायनशास्त्रज्ञांना मात्र ते पटले नाही.

अखेर १८९५ मध्ये विल्यम रॅम्से यांना लंडनमध्ये युरेनियमयुक्त खनिजातून निघालेल्या वायूत तीच रेषा दिसली. हा वायू रंगहीन, गंधहीन असून जळत नाही. तो उणे २६९ अंश सेल्सिअसला द्रवरूप होतो. म्हणूनच रुग्णालयांतील एमआरआय यंत्रांची चुंबके थंड ठेवण्यासाठी त्याचा उपयोग होतो.