डायनॅमोवरच्या गाड्या

डायनॅमोवर चालणाऱ्या गाडीला घाटाचं भय नव्हतं. भय होतं जकात नाक्याचं. खंबाटकीत गाडी खालच्या गिअरमध्ये कण्हत चढायची, पण इंजिन जोरात फिरत असायचं, पट्टा डायनॅमोला पळवत असायचा आणि दिवे लख्ख असायचे. नाक्यावर रात्री रांग लागली की इंजिन मंदावायचं. अँपिअर मीटरचा काटा मधल्या शून्यावरून डावीकडे झुकायचा आणि दिवे हळदीसारखे पिवळे पडायचे. ड्रायव्हरनं तेल वाचवायला इंजिन बंद केलं, तर रांग पुढे सरकताना सेल्फ एकदा 'कट्' करून गप्प बसायचा. मग क्लीनर खाली, मागे झोपलेली माणसं खाली, आणि धक्का.

कराडात कोल्हापूर नाक्याजवळ माझे उस्ताद बसत, ते याच कारणानं. सत्तरीच्या दशकाच्या मध्यावर मी त्यांच्या हाताखाली लागलो. पाटीवर 'ऑटो इलेक्ट्रिशियन' असं लिहिलेलं होतं, पण आम्हाला सगळे वायरमनच म्हणत. मिस्त्री म्हणजे इंजिनवाला, तो मोठा. वायरमन तिन्हीसांजेनंतर आठवायचा.

त्या काळातल्या गाड्यांच्या विजेचा हिशोब आजच्या पोरांना सांगितला तर खोटा वाटतो. आमच्याकडे येणाऱ्या जीपा, अँबेसेडर आणि स्टँडर्डच्या व्हॅन, बहुतेकांना लुकासच्या धर्तीचा डायनॅमो. लुकास ही बर्मिंगहॅमची कंपनी. १९६१मध्ये तिनं टीव्हीएसबरोबर भागीदारी केली आणि मद्रासच्या पाडीच्या कारखान्यातून आपल्याकडे हा माल येऊ लागला. सी-४० नावाचा डायनॅमो सगळ्यांत जास्त हातातून गेला. त्याची ताकद २२ अँपिअर, तीही इंजिन चांगलं पळत असेल तरच. पुढचे दोन दिवे ४५ वॅटचे, म्हणजे साडेसात अँपिअर तिथेच संपले. मागचे दिवे, मीटरचे दिवे, पेट्रोल गाडी असेल तर कॉइल, पावसात वायपर, मध्येच हॉर्न. बॅटरीच्या वाट्याला उरलंसुरलं. साधारण दीड हजार फेऱ्यांच्या खाली डायनॅमो काहीच देत नसे आणि कट-आऊट त्याला बॅटरीपासून तोडून टाकी. तोडलं नसतं तर बॅटरीनंच डायनॅमोला मोटरसारखं फिरवायला बघितलं असतं आणि आर्मेचर जळलं असतं.

कट-आऊट म्हणजे बॉनेटखाली पत्र्याला स्क्रूनं बसवलेली काळी डबी. आत तांब्याच्या तारेची बॉबिन्स, स्प्रिंगच्या पट्ट्या आणि टंगस्टनचे पॉइंट. रेग्युलेटरही त्याच डबीत. साधारण १२.७ ते १३.३ व्होल्टच्या दरम्यान पट्टी खाली ओढली जायची, 'टक्' असा आवाज यायचा आणि चार्जिंग सुरू व्हायचं. उस्ताद बॉनेटला कान लावून इंजिनची रेस वाढवायला सांगत आणि तो 'टक्' कुठे येतो यावरून स्प्रिंग सैल की ताठ ते ठरवत. मीटर नंतर लावत, गिऱ्हाइकाची खात्री पटावी म्हणून.

डायनॅमो उघडायचा म्हणजे दिवसभराचं काम. मागचं झाकण काढलं की कार्बन, त्यांच्या स्प्रिंगा आणि मधोमध कम्युटेटर. कार्बन झिजून पाव इंचावर आला की बदलायचा. कम्युटेटर काळा पडला असेल तर पेट्रोलच्या फडक्यानं पुसायचा, खड्डे पडले असतील तर लेथवर. लेथवरून आल्यावर तांब्याच्या दोन पट्ट्यांमधला अभ्रक तांब्याच्या खाली न्यावा लागतो, इंचाचा बत्तिसावा भाग, नाहीतर कार्बन त्यावर उड्या मारतो आणि ठिणग्या पडतात. त्याला खास अवजार मिळत असे, पण आम्ही हॅकसॉचं ब्लेड दोन्ही बाजूंनी सहाणेवर घासून पातळ करायचो आणि एकेक फट कोरत बसायचो. तेच ब्लेड आर्मेचर तपासायच्या ग्राउलरवरही चाले. आर्मेचर ग्राउलरवर ठेवून फिरवायचं आणि वर ब्लेड धरायचं. आत कुठे शॉर्ट असेल तर ब्लेड त्या खाचेवर थरथरतं. असं आर्मेचर मग वाइंडरकडे. कोल्हापूरच्या उद्यमनगरात, सांगलीत, साताऱ्यात वाइंडर होते. जुनी तार उकलून वळसे मोजायचे, त्याच जाडीची नवी तार भरायची, वार्निशमध्ये बुडवून भट्टीत वाळवायचं. मागच्या बुशात तेलाचे दोन थेंब सोडायचे, तेही वायरमनचंच काम. मिस्त्री हमखास विसरत.

गाडीला डायनॅमो परत बसवल्यावर एक शेवटची क्रिया असे. बॅटरीची एक तार फील्डच्या टर्मिनलला क्षणभर टेकवायची. त्यामुळे आतल्या लोखंडात योग्य दिशेचं चुंबकत्व राहतं आणि डायनॅमोला आपण कुठल्या बाजूनं वीज द्यायची ते कळतं. गिऱ्हाइकाला हे मंत्रासारखं वाटे आणि उस्ताद तसं वाटू देत.

मी हे लांबवून सांगतोय, कारण हे सगळं काम अल्टरनेटरनं गिळलं. माझ्या धंद्यातली सगळ्यांत मोठी घडामोड कुठली, असं विचारलं तर मी कॉम्प्युटरचं नाव घेणार नाही, अल्टरनेटरचं घेईन.

अल्टरनेटरमागचं तत्त्व काही नवं नव्हतं. फिरतं चुंबक आत, स्थिर तारा बाहेर, त्यातून उलटसुलट वाहणारी वीज. अडचण एवढीच होती की बॅटरीला एकाच दिशेची वीज लागते. डायनॅमोत हे वळवण्याचं काम कम्युटेटर करी, आणि म्हणूनच ते यंत्र जड आणि मर्यादित वेगाचं. फार जोरात फिरवलं तर आर्मेचरची तार आणि कम्युटेटरच्या पट्ट्या उसकटून बाहेर येत. अमेरिकेत पोलिसांच्या वायरलेसवाल्या गाड्यांना दुसऱ्या महायुद्धानंतर अल्टरनेटर बसू लागले होते, पण वीज एका दिशेला वळवणारे सेलेनियमचे मोठमोठे रेक्टिफायर सोबत घेऊन. सिलिकॉनचा डायोड स्वस्त झाला तेव्हा कुठे तो साध्या गाडीत आला. क्रायस्लरनं १९६०च्या व्हॅलिअंट गाडीला तो सरसकट दिला. सहा डायोड, बोटाच्या पेरापेक्षा लहान, थेट यंत्राच्या पोटात. रोटरला नुसत्या दोन गुळगुळीत स्लिपरिंग, त्यामुळे दहा-बारा हजार फेऱ्यांनाही त्याचं काही बिघडत नाही. म्हणून पुली लहान बसवता येते आणि इंजिन संथ असतानाही तो वीज देतो. कट-आऊटची गरजच संपली, कारण डायोड बॅटरीची वीज उलट येऊच देत नाही.

आमच्या पट्ट्यात तो दिसू लागला ऐंशीच्या दशकात. १९८४मध्ये मारुतीची व्हॅन आली ती अल्टरनेटर घेऊनच. आकुर्डीच्या बजाज टेम्पोनं तोवर महाराष्ट्राची मालवाहतूक आणि दूधवाहतूक बदलून टाकली होती. ही कंपनी १९५८ची. हॅम्बुर्गच्या विडाल कंपनीच्या परवान्यावर आधी गोरेगावात तीनचाकी टेम्पो बनवले, मग कारखाना आकुर्डीला आणला. त्यांच्या मॅटॅडोरला पुढे मर्सिडीजच्या परवान्याचं डिझेल इंजिन बसलं. जर्मन पद्धतीच्या वायरिंगमध्ये रंगांपेक्षा आकडे बोलतात: ३० म्हणजे थेट बॅटरी, १५ म्हणजे चावीनंतरची वीज, ३१ म्हणजे अर्थ, ५० म्हणजे सेल्फ. इंग्रजी गाड्यांत रंग बोलत: तपकिरी म्हणजे बॅटरी, पांढरी म्हणजे चावी, निळी हेडलाइटची, काळी अर्थची. उस्तादांना शाळा माहीत नव्हती, पण या दोन्ही लिपी ते अंधारात वाचत.

नव्या गाड्या आल्या म्हणून जुन्या रस्त्यावरून हटल्या नाहीत. आमच्याकडे गाडी मरत नाही, मालक बदलते. सरकारी दवाखान्याच्या अँब्युलन्स लिलावात निघत आणि मंडपवाले, केटरर, बँजोवाले त्या घेत. त्यांतच स्टँडर्ड-२० ही व्हॅन असे. मूळची ती कॉव्हेंट्रीची स्टँडर्ड ॲटलस, १९५८ची. तिकडे तिचे दिवस भरल्यावर मद्रासच्या स्टँडर्ड कंपनीनं ती इथे चालू ठेवली. उंब्रजच्या एका मंडपवाल्यानं अशी एक घेतली आणि त्यात अहुजाचा अँप्लिफायर बसवून वराती आणि पालीच्या खंडोबाची यात्रा धरू लागला. वरातीची गाडी माणसाच्या चालीनं जाते, तीही थांबत थांबत. इंजिन संथ, वर अँप्लिफायर, रंगीत माळा, हेडलाइट. डायनॅमोला याहून वाईट नशीब असू शकत नाही. नवरदेव मांडवात पोचायच्या आत भोंगा घोगरा व्हायचा. तो म्हणाला, "मास्तर, बॅटऱ्या किती घेऊ? काहीतरी कायमचं करा."

कायमचं म्हणजे १७ एसीआर जातीचा, ३६ अँपिअरचा अल्टरनेटर. तो पुण्याहून नाना पेठेतून आणला. व्हॅनला पॉझिटिव्ह अर्थ होता, जुन्या इंग्रजी गाड्यांची रीत. अल्टरनेटरला निगेटिव्ह अर्थ लागतो. उलटी बॅटरी लावली तर डायोड डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच जातात. म्हणून पहिलं काम बॅटरी फिरवण्याचं. बॅटरीचा पॉझिटिव्ह खुंट निगेटिव्हपेक्षा जाड असतो, त्यामुळे दोन्ही क्लॅम्पही बदलावे लागले. कॉइलच्या दोन तारांची अदलाबदल, नाहीतर ठिणगी कमजोर पडते. वायपरच्या मोटरला फरक पडला नाही, अँप्लिफायरचा मात्र आधी तपास केला.

डायनॅमोचा ब्रॅकेट लांब, अल्टरनेटर आखूड. मध्ये पाइपचा तुकडा कापून घातला, इंजिनच्या पुलीवरून सुतळी ताणून तिन्ही पुल्या एका रेषेत घेतल्या आणि पट्टा अंगठ्यानं दाबल्यावर अर्धा इंच दबेल इतकाच ताणला. जास्त ताणला की बेअरिंग ओरडतं.

खरं काम तारांचं होतं. डायनॅमोकडून कट-आऊटकडे येणारी जाड तार २२ अँपिअरसाठी ओढलेली, ती ३६ला गरम होणार. म्हणून अल्टरनेटरपासून सेल्फच्या सोलेनॉइडच्या मोठ्या बोल्टापर्यंत नवीन जाड तार ओढली, थिंबल दाबून वर डागही दिला. फील्डची जुनी बारीक तार डॅशबोर्डच्या लाल दिव्याला जोडली. हा दिवा शोभेचा नाही. त्यातून जाणारी जराशी वीजच रोटरला सुरुवातीचं चुंबकत्व देते. २.२ वॅटचा तो बल्ब उडाला तर अल्टरनेटर धडधाकट असूनही चार्जिंग उठत नाही, आणि अनाडी माणूस नवा अल्टरनेटर विकत घेतो. शेवटी इंजिन आणि चासी यांच्यामधली अर्थची विणलेली पट्टी. तिच्याखालचा रंग आणि गंज खरवडून पत्रा चकाकेपर्यंत घासला. उस्ताद म्हणत, "आधी बोट लाव, मग पाना लाव." गाडी लोडवर चालवून प्रत्येक जोडाला बोट लावायचं; जो जोड गरम, तोच चोर.

मालकाला एकच तक्रार राहिली. नवी तार मीटरला वगळून गेल्यामुळे अँपिअर मीटर आता दिवे लावले की नुसती डावी बाजूच दाखवू लागला. काट्यावर त्याचा जन्मभराचा विश्वास. मग तो काढून तिथे व्होल्टमीटर बसवला आणि १४च्या आसपास काटा असला की शांत झोपा, असं सांगितलं. यात्रेत रात्रभर भोंगा वाजला, सकाळी सेल्फ एका चावीत उठला, आणि त्यानंतर उंब्रज ते मसूर पट्ट्यातले मंडपवाले रांगेनं आले.

त्या रांगेत वाइंडरांचं काहीच नव्हतं. अल्टरनेटरचा स्टेटर क्वचित जळतो. जातात ते डायोड, रेग्युलेटर, ब्रश, बेअरिंग, आणि हे सुटे भाग दिल्लीहून पाकिटात येऊ लागले. काही डिझेल गाड्यांत अल्टरनेटरच्या पाठीवरच ब्रेकचा व्हॅक्यूम पंप असे. त्याचं सील गळलं की तेल आत शिरून ब्रश चिकट होत. ड्रायव्हर ब्रेक जड झाले म्हणून येई आणि चार्जिंग दुरुस्त करून जाई. एवढा एक प्रकार सोडला तर यंत्र उघडण्याचं काम आटत गेलं. सांगलीचा आमचा वाइंडर पाण्याच्या मोटरींकडे वळला आणि त्याचं बरंच झालं, असं मला वाटतं. उसाच्या पट्ट्यात विहिरीवरची मोटर कधी जळायची थांबत नाही. आम्ही मात्र टिकलो ते तारांच्या जोरावर. जुन्या व्हॅनच्या पोटात वीस मालकांनी ओढलेल्या तारा असतात, कुठे फ्यूजऐवजी सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद, कुठे टेपखाली नुसता पिळा. नवा अल्टरनेटर जास्त वीज देतो, म्हणजे असल्या जोडांना आगही जास्त लवकर लागते. कारखान्यात शिकलेल्या माणसाला नवा हार्नेस माहीत असतो. हा माहीत नसतो.

आजच्या गाडीत चार्जिंगचा व्होल्ट इंजिनचा कॉम्प्युटर ठरवतो, कमी-जास्त करतो. माझा भाचा स्कॅनर लावून तो बघतो आणि मी त्याच्या कामात तोंड घालत नाही. माझ्याकडे येतात ती हौशी मंडळी, पुण्या-मुंबईची, जुनी जीप सजवणारी. त्यांना सगळं 'ओरिजिनल' हवं असतं, डायनॅमोसुद्धा. मागच्या पावसाळ्यात एक जण आला. मी विचारलं, रात्री चालवता का? म्हणाला, चालवतो, हायवेनं. मग मी अल्टरनेटरच बसवला आणि जुना कट-आऊट आतून रिकामा करून पत्र्यावर जागच्या जागी ठेवला, तारा आतल्या आत जोडून. प्रदर्शनात परीक्षकांनी बॉनेट उघडून फोटो काढले म्हणे.