खानावळीतला मे दिन



लढ्याचा इतिहास लिहावयास बसले म्हणजे मागण्या, तारखा व करारनामा एवढेच बहुधा कागदावर उतरते. रात्री जागविणारी गाणी गळून पडतात. आम्ही कामगार चळवळीतली माणसेही या दोषातून मुक्त नाही. दप्तरात आम्ही ठराव जपले, डफ जपला नाही. म्हणूनच जंग योंग-तेक या कोरियन दिग्दर्शकाचा ‘पार्टी ५१’ हा अनुबोधपट आम्हांस मोलाचा वाटतो.

दक्षिण कोरियाच्या राजधानीत, सोल शहरात, होंगइक विद्यापीठाच्या परिसरास होंगदे म्हणतात. १९९० नंतरच्या दशकात मोठ्या कंपन्यांच्या आश्रयावाचून गाणारी तरुण मंडळी तेथील लहान क्लबांत जमू लागली. गीतांची सक्तीची पूर्वतपासणी १९९६ साली रद्द झाली, त्याचाही त्यांस आधार मिळाला. पण गाण्यामुळे वस्तीस नाव आले, नावामुळे गिऱ्हाईक आले, गिऱ्हाइकामागून भाडी चढली. आणि ज्यांनी नाव मिळवून दिले त्यांनाच जागा परवडेना.

याच भागात ‘दुरिबान’ नावाची शेवयांची खानावळ होती. दुरिबान म्हणजे अनेकांनी भोवती बसून जेवावयाचे गोल मेज. २४ डिसेंबर २००९ रोजी पुनर्विकासासाठी ती बळाने रिकामी करण्यात आली. त्याच वर्षी २० जानेवारीस, सोलमधीलच योंगसान भागात, जागा सोडण्यास नकार देणाऱ्या भाडेकरूंवर पोलीस चालून गेले असता आग लागून पाच आंदोलक व एक पोलीस मृत्यू पावले होते. हे ठाऊक असूनही खानावळीची मालकीण पत्र्याचे कुंपण तोडून आत शिरली व ठाण मांडून बसली.

तिच्या मदतीस होंगदेचे वादक आले. मोडक्या भिंतींत जलसे होऊ लागले. १ मे २०१० रोजी, १२० व्या मे दिनी, ५१ वाद्यवृंद जमविण्याचा संकल्प सोडला गेला. आले त्याहून अधिक. जुलैमध्ये वीज तोडली गेली, तरी गाणे थांबले नाही. अखेर ५३१ दिवसांनी, जून २०११ मध्ये, त्याच परिसरात पुन्हा खानावळ थाटता येईल असा करार झाला.

मदतीस आलेल्या त्या तरुणांस तेथे एक गोष्ट उमगली: आपणही भाडेकरूच आहोत, आणि आपल्यालाही संघटना हवी. त्यांनी स्वावलंबी संगीतकारांची सहकारी संस्था उभारली. विजयानंतर त्यांची स्वतःची अडचण मात्र सरली नाही. खानावळीस जागा मिळाली, गाणाऱ्यांस नव्हे. २०१४ साली चित्रपटगृहांत आलेल्या या पटाने तेही झाकलेले नाही, आणि त्याचा खरेपणा आम्हांस येथेच दिसतो.

करारनाम्यावर सही कोणाची, हे दप्तर सांगेल. पण ५३१ रात्री माणसे कशाच्या बळावर टिकली, हे ज्याने टिपून ठेवले, त्यानेही इतिहासच लिहिला, असे आम्ही मानतो. आपल्या गावच्या पुढील लढ्यात ठराव लिहिणाराजवळ गाणे टिपणाराही बसवावा, एवढीच आमची विनंती.