जोना लोमू : रग्बीतील झंझावात

रग्बी युनियन हौशी खेळाडूंचा खेळ राहिला नाही, त्या वर्षाचा चेहरा म्हणजे न्यूझीलंडचा डावा विंगर जोना लोमू. १२ मे १९७५ रोजी ऑकलंड येथे टोंगा वंशाच्या कुटुंबात त्याचा जन्म झाला. विंगर हा मैदानाच्या कडेने धावणारा, सहसा चपळ व सडपातळ खेळाडू. लोमूची उंची मात्र सहा फूट पाच इंच होती, वजन सुमारे ११९ किलो, आणि तरीही त्याचा वेग धावपटूला शोभणारा होता.

जून १९९४ मध्ये फ्रान्सविरुद्ध तो पहिली कसोटी खेळला, तेव्हा त्याचे वय १९ वर्षे ४५ दिवस होते. इतक्या लहान वयात 'ऑल ब्लॅक्स' संघाकडून कसोटी खेळण्याचा मान त्यापूर्वी कोणालाच मिळाला नव्हता. मात्र मालिकेतील दोन्ही सामने न्यूझीलंडने गमावले आणि लोमूला वगळण्यात आले. अवघ्या दोन कसोट्यांचा अनुभव गाठीशी घेऊन तो १९९५ च्या विश्वचषकासाठी दक्षिण आफ्रिकेत दाखल झाला.

१८ जूनला केपटाऊनच्या न्यूलँड्स मैदानावर इंग्लंडविरुद्ध उपांत्य सामना झाला. प्रतिस्पर्ध्यांच्या गोलरेषेपलीकडे चेंडू जमिनीला टेकवला की 'ट्राय' होतो. एकट्या लोमूने असे चार ट्राय केले. त्यांपैकी पहिल्या वेळी इंग्लंडचा फुलबॅक माइक कॅट याला तो अक्षरशः तुडवून पुढे गेला. न्यूझीलंडने ४५-२९ असा विजय मिळवला. अंतिम सामन्यात दक्षिण आफ्रिकेने त्याला रोखले आणि जादा वेळेत १५-१२ अशी बाजी मारली. योगायोग असा, की या संघाविरुद्ध लोमूला कारकिर्दीत एकही कसोटी ट्राय करता आला नाही. त्याच जूनमध्ये दक्षिण गोलार्धातील तीन मंडळांचा दहा वर्षांचा, सुमारे ५५ कोटी डॉलरचा प्रक्षेपण करार जाहीर झाला. ऑगस्टमध्ये हौशीपणाचे बंधन औपचारिकपणे उठले.

नव्या युगाचे हे सर्वांत मोठे आकर्षण आतून आजारी होते, हे लवकरच उघड झाले. लोमूला नेफ्रॉटिक सिंड्रोम हा मूत्रपिंडाचा विकार जडला होता. उपचारांसाठी १९९७ मध्ये त्याला बराच काळ मैदानाबाहेर राहावे लागले. पुढची कामगिरी या पार्श्वभूमीवर तोलली पाहिजे : १९९८ मध्ये क्वालालंपूरच्या राष्ट्रकुल स्पर्धेत सेव्हन्सचे सुवर्णपदक, १९९९ च्या विश्वचषकात आठ ट्राय, आणि जुलै २००० मध्ये सिडनीत १,०९,८७४ प्रेक्षकांसमोर ऑस्ट्रेलियाविरुद्ध ३९-३५ असा विजय मिळवून देणारा अखेरच्या क्षणांतील ट्राय. धडधाकट लोमू कसा खेळला असता, हा प्रश्न म्हणूनच रसिकांच्या मनातून जात नाही.

२००२ अखेर ६३ कसोट्या आणि ३७ ट्राय यांवर त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द थांबली. २००३ मध्ये डायलिसिस सुरू झाले, चालणेही अवघड बनले. २००४ मध्ये मूत्रपिंडाचे प्रत्यारोपण झाले. एवढ्यावर कोणीही खेळ सोडला असता. लोमू डिसेंबर २००५ मध्ये वेल्समधील कार्डिफ ब्लूजकडून पुन्हा मैदानात उतरला. जुना वेग उरला नव्हता. २००७ च्या विश्वचषकाचे स्वप्न अपुरे राहिले आणि त्याच वर्षी त्याने निवृत्ती स्वीकारली.

प्रत्यारोपित मूत्रपिंड २०११ मध्ये निकामी झाले व डायलिसिस पुन्हा सुरू झाले. विश्वचषक कधीही न जिंकलेल्या लोमूच्या नावावर त्या स्पर्धेतील १५ ट्रायांचा विक्रम होता. ऑक्टोबर २०१५ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या ब्रायन हबानाने त्याची बरोबरी केली. १८ नोव्हेंबर २०१५ रोजी, वयाच्या ४० व्या वर्षी, लोमूचे ऑकलंडमध्ये निधन झाले.