दोन जगांमधली वाट : एक प्रस्तावना

आपल्या जगाशेजारीच दुसरे एखादे जग असावे आणि तिथे आपल्यासारखीच माणसे वेगळ्या वाटेने गेलेली असावीत, ही कल्पना चित्रपटांनी आता घरोघरी पोचवली आहे. तिचा गाजावाजा इतका झाला, की पुष्कळ चोखंदळ वाचक तिला पोरखेळ समजून बाजूला ठेवतात. त्यांची शंका रास्त आहे. तरीही या वाचकांनी थोडा वेळ द्यावा, एवढीच विनंती. समांतर जगे कल्पिणे तसे सोपे. एका जगातून दुसऱ्यात जायची वाट रचणे मात्र अवघड. लेखकाचा कस तिथे लागतो, आणि त्याला मुळात काय विचारायचे आहे तेही तिथेच उमगते.

ही वाट सर्वस्वी साहित्याची निर्मिती आहे, हे आरंभीच लक्षात घेतलेले बरे. ह्यू एव्हरेट या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञाने 1957 मध्ये पुंजयामिकीचा एक नवा अन्वयार्थ मांडला. मोजमापाच्या वेळी अनेक शक्यतांपैकी एकच उरते असे न मानता, साऱ्याच शक्यता आपापल्या शाखेत प्रत्यक्षात येतात असे मानावे, हा त्याचा गाभा. पुढे ‘अनेकविश्व’ म्हणून तो प्रसिद्ध झाला. या मांडणीत फुटलेल्या शाखा एकमेकींपासून व्यवहारतः कायमच्या तुटतात. एकीतून दुसरीत निरोप धाडता येत नाही, मग माणसाची काय कथा! विज्ञान अनेक जगांची शक्यता मान्य करते आणि त्यांच्यातला दरवाजा मात्र बंद ठेवते. कथाकार नेमका तोच उघडतो.

आपल्याकडे हा दरवाजा फार पूर्वीच उघडला गेला. योगवासिष्ठातील लीलेचे आख्यान वाचून पाहा. पद्म राजा मरण पावतो आणि राणी लीला सरस्वतीच्या कृपेने त्याचा शोध घेते. तो तिला त्याच दालनाच्या आकाशात सापडतो, पण विदूरथ नावाचा राजा होऊन, स्वतंत्र राज्यात, सत्तर वर्षांच्या आयुष्यासह. त्याही आधी तो एक ब्राह्मण होता, आणि त्या ब्राह्मणाला जाऊन अवघे आठ दिवस झाले आहेत, असेही तिला कळते. एका घराच्या अवकाशात राज्ये मावतात आणि आठ दिवसांत आयुष्ये सरतात. इथली वाट चित्तातून जाते. देहाचा अभिमान गळल्याखेरीज लीलेला त्या जगात प्रवेश नाही. प्रवासाची ही अट म्हणजेच ग्रंथाचे तत्त्वज्ञान.

आधुनिक मराठीत ही वाट इतिहासातून गेली. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतले इतिहासाचे प्राध्यापक एका अपघातानंतर वेगळ्याच भारतात जाऊन पोचतात. तिथे पानिपतावर मराठे जिंकलेले आहेत. आपल्या इतिहासात 14 जानेवारी 1761 रोजी विश्वासरावांना गोळी लागली आणि सैन्याचा धीर सुटला; त्या जगात ती गोळी त्यांना चाटून गेली. पंत परततात तेव्हा त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटलेले पान असते. पुंजयामिकीतली अनिश्चितता आणि गणितातला आपत्ती सिद्धांत यांच्या आधारे नारळीकर या अनुभवाचा अर्थ लावू पाहतात. विश्वरचनेचा अभ्यास करणाऱ्या शास्त्रज्ञाने पानिपतासारखी मराठी मनाची ठसठस निवडावी आणि पुरावा म्हणून बखरीचे पान पुढे करावे, याचे मराठी वाचकाला कौतुक वाटले तर ते अस्थानी नाही.

इतर भाषांत या वाटेची रूपे वेगळी आहेत. सी. एस. लुईस यांच्या 1955 च्या ‘द मॅजिशियन्स नेफ्यू’मध्ये जगांच्या मधोमध एक निवांत रान आहे आणि त्यातले प्रत्येक तळे निराळ्या जगात उतरते. फिलिप पुलमन यांच्या ‘द सटल नाइफ’मध्ये (1997) एक सुरी हवेत खिडकी कापते. मात्र पुढच्या खंडात उघड होते, की अशा प्रत्येक कापासरशी एक नवे संकट जन्म घेते आणि परक्या जगात माणूस फार काळ तग धरत नाही. म्हणून खिडक्या मिटाव्या लागतात आणि एकमेकांवर जीव जडलेल्या दोघांना आपापल्या जगात परतावे लागते. अर्जेंटिनाच्या बोर्हेसने 1941 च्या ‘फाटे फुटणाऱ्या वाटांची बाग’ या कथेत तर येण्याजाण्याची सोयच ठेवली नाही. तिथे काळालाच फाटे फुटत राहतात, आणि तो चक्रव्यूह एका कादंबरीच्या रूपाने समोर येतो.

नव्याने येणाऱ्या वाचकांनी प्रत्येक कथेला तीन प्रश्न विचारावेत. वाट कोणामुळे उघडली : साधनेने, अपघाताने की हत्याराने? पलीकडून अलीकडे काय आणता येते : आठवण, वस्तू की काहीच नाही? आणि परतीची किंमत कोण मोजतो? हे प्रश्न हाताशी असले, की चमत्काराने दिपून न जाता तुम्हाला त्यामागचा विचार दिसू लागेल. वाट फुकटात उघडली आणि पात्रे येताजाता काहीच गमावत नसली, तर ती कथा बहुधा करमणुकीपुरतीच आहे असे खुशाल समजा.

सुरुवात नारळीकरांपासून करावी. तिथला इतिहास ओळखीचा असल्याने बदल चटकन जाणवतो. मग लीलेच्या आख्यानाकडे वळावे आणि ते सावकाश वाचावे, कारण त्यात एका जगाच्या पोटात दुसरे जग येत राहते. परभाषेतल्या कथा त्यानंतर घेतल्या, तर प्रत्येक ठिकाणी काय नवे आहे ते नेमके कळेल. भौतिकशास्त्र येत नाही म्हणून बिचकू नका, आणि वेदान्त ठाऊक नाही म्हणून मागे राहू नका. ‘तसे झाले असते तर?’ हा प्रश्न तुम्ही स्वतःला कधीतरी विचारलाच असेल. या वाचनासाठी तेवढी तयारी पुरेशी आहे.